पाहिलं तेवढंच लिही

अमेरिकेतल्या एडिसनमधल्या एका स्वयंपाकघराच्या टेबलावर तीन चित्रं मांडलेली होती. चमचा, कप आणि चप्पल. एका बाजूला माझी भाची आणि समोर, लहान मुलाच्या जागी, मी.

"मावशी, तू मधेच मुद्दाम चुकायचं हं," तिनं मला बजावलं. मग आवाज स्थिर करून म्हणाली, "चमचा दाखव." मी चपलेवर बोट ठेवलं. "अगं, नाही गं..." तिच्या तोंडून निघून गेलं आणि तिनं लगेच जीभ चावली.

पुढच्या आठवड्यात तिची प्रात्यक्षिक चाचणी होती आणि तिथे हे "अगं, नाही गं" चालणार नव्हतं. मूल चुकलं की चेहरा पाडायचा नाही, रागवायचं नाही, समजावत बसायचं नाही. चित्रं क्षणभर उचलायची, पुन्हा मांडायची, तीच सूचना त्याच शब्दांत द्यायची आणि या वेळी मूल चुकायच्या आत चमच्याकडे बोट करून त्याला मदत करायची. बरोबर आलं की त्याच क्षणी शाबासकी किंवा त्याच्या आवडीची गोष्ट. मग दोन-चार सेकंद थांबायचं, कागदावर खूण करायची की उत्तर स्वतःहून आलं की मदतीनं, आणि पुन्हा पुढची फेरी. त्या संध्याकाळी आम्ही अशा चाळीसेक फेऱ्या केल्या. विसाव्या फेरीनंतर कुठे तिचा चेहरा माझ्या चुकीला सरावला.

ती ज्या परीक्षेची तयारी करत होती तिचं नाव रजिस्टर्ड बिहेवियर टेक्निशियन. बोलताना सगळे आरबीटी म्हणतात. अमेरिकेतलं बिहेवियर ॲनालिस्ट सर्टिफिकेशन बोर्ड हे प्रमाणपत्र देतं. हे मंडळ 1998 साली स्थापन झालं आणि आरबीटी त्यांनी 2014 साली सुरू केलं. स्वमग्न, म्हणजे ऑटिझम असलेल्या मुलांना बोलणं, मागणं, हात धुणं, वाट बघणं अशी कौशल्यं शिकवायची एक पद्धत म्हणजे अप्लाइड बिहेवियर ॲनालिसिस, अर्थात एबीए. त्यात मुलाची तपासणी करून आराखडा आखणारी व्यक्ती वेगळी असते. तिला पदव्युत्तर शिक्षण आणि बीसीबीए हे वरचं प्रमाणपत्र लागतं. आरबीटी तो आराखडा प्रत्यक्षात आणतो. जमिनीवर बसून, मुलाच्या उंचीला येऊन, आठवड्यातले कितीतरी तास तो त्या मुलाबरोबर असतो. आईबापांच्या खालोखाल मुलाला रोज दिसणारा चेहरा बहुतेक वेळा याच माणसाचा.

अशी माणसं तिथे आज एक लाखाहून जास्त आहेत आणि तरीही कमी पडतात. अमेरिकेच्या सीडीसी या आरोग्यसंस्थेच्या पाहणीत 2000 साली आठ वर्षांच्या दर 150 मुलांमागे एका मुलाला ऑटिझम असल्याचं दिसलं होतं. 2022 च्या पाहणीत हे प्रमाण दर 31 मुलांमागे एक इतकं आलं. निदान सुधारलं, व्याख्या रुंदावली, पूर्वी नजरेतून सुटणारी मुलं आता मोजली जातात, ही त्यामागची मोठी कारणं. शिवाय 2019 पर्यंत तिथल्या पन्नासही राज्यांनी ऑटिझमच्या उपचारांबाबत विमा कंपन्यांना काही ना काही बंधन घातलं. विम्याचे पैसे मिळू लागले की सेवा वाढते आणि सेवा वाढली की माणसं लागतात.

आपल्या लोकांचा या प्रमाणपत्राशी संबंध येतो तो इथेच. नवऱ्याच्या नोकरीमागे डिपेंडंट व्हिसावर गेलेल्या कितीतरी मराठी मुली वर्षानुवर्षं घरात बसून होत्या. 2015 पासून एच-फोर व्हिसावरच्या काहींना, नवऱ्याचा ग्रीन कार्डचा अर्ज विशिष्ट टप्प्यावर पोचला असेल तर, कामाची परवानगी मिळू लागली. माझ्या भाचीकडे इंजिनिअरिंगची पदवी होती आणि मधे सहा वर्षांचा खंड. तिच्या क्षेत्रात त्या खंडाबद्दल पहिला प्रश्न विचारला जायचा. आरबीटीला मात्र वय 18 पूर्ण आणि शाळेचं शिक्षण पूर्ण एवढंच लागतं. बाकीचं तुम्ही काय शिकता आणि कसं वागता यावर.

टप्पे सांगायला सोपे आहेत. आधी 40 तासांचं प्रशिक्षण. ते कमीत कमी पाच दिवसांत आणि जास्तीत जास्त 180 दिवसांत संपवायचं, एका शनिवार-रविवारी उरकून टाकायची सोय नाही. गुन्हेगारी पार्श्वभूमी आणि मुलांच्या छळाच्या नोंदी यांची पडताळणी होते. मग पात्र पर्यवेक्षकासमोर प्रात्यक्षिक चाचणी. त्यात काही गोष्टी खऱ्या मुलाबरोबर करून दाखवायच्या, काही आम्ही टेबलावर केल्या तशा भूमिका घेऊन, आणि काही तोंडी सांगायच्या. हे सगळं जमलं की 50 डॉलर भरून मंडळाकडे अर्ज. तो मंजूर झाला की 45 डॉलर भरून पिअर्सन व्ह्यू या परीक्षा घेणाऱ्या कंपनीच्या केंद्रावर संगणकावरची परीक्षा. 85 प्रश्न, प्रत्येकाला चार पर्याय, वेळ 90 मिनिटं. त्यातले 75 प्रश्नच गुणांसाठी धरतात. उरलेले दहा मंडळ पुढच्या परीक्षांसाठी पारखून बघत असतं, आणि ते दहा कोणते हे परीक्षार्थीला कळत नाही. नापास झालात तर सात दिवस थांबून पुन्हा बसता येतं, वर्षभरात एकूण आठ वेळा.

इथे एक गोष्ट ठळकपणे सांगायला हवी, कारण यात चांगली शिकलेली माणसंही फसतात. 40 तासांचा कोर्स संपल्यावर हाती येतो तो कागद म्हणजे आरबीटी नव्हे. तो फक्त पहिली पायरी चढल्याचा दाखला. कोर्स विकणाऱ्यांच्या जाहिरातीत "सर्टिफिकेट" हा शब्द इतका मोठा छापलेला असतो की पुढची प्रात्यक्षिक चाचणी, अर्ज आणि परीक्षा नजरेआडच होतात. भाचीच्या ओळखीतल्या एकीनं तो कागद चौकट करून भिंतीवर लावला होता. मुलाखतीला गेल्यावर तिला कळलं की अजून बराच रस्ता बाकी आहे.

आता मुख्य गोष्टीकडे येते. भाचीनं मला सरावाचा एक व्हिडिओ दाखवला. दीडेक मिनिटाचा, एक मुलगा आणि शिक्षिका. बघून झाल्यावर काय घडलं ते लिहायचं. तिनं लिहिलं होतं, "मुलगा कंटाळला आणि चिडला, म्हणून त्यानं ठोकळे फेकले." शिकवणाऱ्या बाईंनी कंटाळला, चिडला आणि म्हणून या तिन्ही शब्दांवर रेघ मारली होती. कंटाळा दिसला का? चिडणं दिसलं का? "म्हणून" तर कुणालाच दिसत नाही. दुसऱ्या खेपेला तिनं लिहिलं, "शिक्षिका म्हणाल्या, ठोकळे डब्यात भर. तीन सेकंदांनी मुलानं दोन्ही तळहातांनी टेबलावर चार वेळा मारलं. पाच ठोकळे जमिनीवर पडले. शिक्षिकांनी डबा बाजूला ठेवला."

वाचताना हे रुक्ष वाटतं. पण पहिल्या वाक्यातून मुलाच्या स्वभावाबद्दल एक मत तयार होतं, आणि दुसऱ्यातून एक प्रश्न: डबा बाजूला ठेवल्यावर पुढे काय झालं? सूचना आली, मुलानं टेबल बडवलं, सूचना गेली. असं दहा वेळा लिहिलेलं सापडलं की आराखडा आखणाऱ्या बाईंना कळतं की मुलाला टेबल बडवल्यावर कामातून सुटका मिळते आहे, आणि त्याला "नको" किंवा "थोडं थांबू?" म्हणायची दुसरी वाट शिकवायला हवी. "हट्टी आहे" एवढं लिहिलं असतं तर कुणाच्या हाती काहीच लागलं नसतं. आपण घरोघरी मुलांबद्दल बोलतो ते बहुतेक या पहिल्या भाषेत. लाडावलेला, आगाऊ, घुम्या, नाटकी. या शब्दांमधून मूल दिसतच नाही असं मला भाचीची ती सरावाची वही पाहिल्यापासून वाटू लागलं आहे.

मोजण्याचंही तसंच. मोजणं म्हणजे आकडा, त्यात काय अवघड, असं मलाही वाटायचं. समजा एक मूल दहा मिनिटांत सात वेळा टेबलावर बोटं वाजवतं, प्रत्येक वेळी दोनच सेकंद, आणि या सात वेळा सात वेगवेगळ्या मिनिटांत येतात. एक पद्धत अशी की दर मिनिटाच्या चौकटीत ते वर्तन जरासं जरी झालं तरी खूण करायची. उत्तर येतं 70 टक्के. दुसऱ्या पद्धतीत वर्तन पूर्ण मिनिटभर चाललं तरच खूण. उत्तर शून्य. आणि घड्याळ लावून मोजलं तर सहाशे सेकंदांतले चौदा. मूल तेच आणि दहा मिनिटंही तीच. कोणती पद्धत फुगवून सांगते, कोणती दाबून सांगते आणि कोणत्या वर्तनाला कोणती लावायची, हे आरबीटीला कळावं लागतं, कारण याच आकड्यांवर मुलाचा पुढचा महिना ठरतो.

परीक्षेतले सगळ्यात जास्त, सुमारे एक चतुर्थांश प्रश्न नवी कौशल्यं शिकवण्यावर असतात. हात धुण्याचं उदाहरण सगळीकडे असतं, पण भाचीनं स्वतःच्या घरातलं घेतलं. वरणभात कालवून खाणं. आपण ते एका दमात करतो. तिनं पायऱ्या लिहिल्या: ताट समोर ओढणं, बोटं जुळवणं, भात फोडणं, वरण त्यात मिसळणं, घास गोळा करणं, उचलणं, तोंडात घालणं, मग पुढचा घास. आठ पायऱ्या. पहिल्या सात आपण हाताला हात लावून करून द्यायच्या आणि शेवटची मुलाला करू द्यायची, ती पक्की झाली की त्याच्या आधीची. उलट्या दिशेनं शिकवण्याचा फायदा असा की काम पूर्ण झाल्याचा आनंद मुलाला पहिल्या दिवसापासून मिळतो. मदतही पायरीपायरीनं काढून घ्यायची. हात धरणं, मग कोपराला नुसता स्पर्श, मग बोटानं खूण, मग काहीच नाही. एखादी मदत वेळेत काढली नाही तर मूल तिच्यावरच अवलंबून राहतं, आणि यात प्रेमळ माणसंच जास्त चुकतात.

ज्या एका जागी जवळजवळ सगळे अडखळतात ती म्हणजे निगेटिव्ह रीइन्फोर्समेंट. आपल्या मानसशास्त्राच्या पुस्तकांत याला ऋण प्रबलन म्हणतात. "निगेटिव्ह" ऐकलं की शिक्षाच डोळ्यांसमोर येते. पण प्रबलन म्हणजे ज्यामुळे ते वर्तन पुढे वाढतं ते. धन आणि ऋण एवढंच सांगतात की काही दिलं गेलं की काही काढून घेतलं गेलं. गाडीत पट्टा लावेपर्यंत टींटीं वाजत राहतं. पट्टा लावला की थांबतं आणि पुढच्या वेळी आपण पट्टा आधी लावतो. आवाज काढून घेतला गेला, वर्तन वाढलं, हे ऋण प्रबलन. शिक्षेनं वर्तन कमी होतं. एकदा "वाढलं की कमी झालं" हे आधी विचारायची सवय लागली की भाचीचे हे प्रश्न चुकेनासे झाले.

दुसरं उदाहरण प्रत्येक घरातलं. नातू मोबाइलसाठी रडतो. आजी पाच दिवस देत नाही, सहाव्या दिवशी पाहुण्यांसमोर तो जमिनीवर लोळतो आणि आजी मोबाइल देते. ज्या गोष्टीला आजवर फळ मिळत होतं ते अचानक थांबलं की वर्तन आधी उसळतं. लिफ्ट आली नाही की आपण बटण आणखी जोरानं, आणखी वेळा दाबतो, तसंच हे. नेमक्या त्या उसळीला आजीनं मोबाइल दिला, म्हणजे मूल शिकलं की रडणं पुरत नाही, लोळावं लागतं. आणि कधीतरीच मिळणारं फळ सवय सगळ्यात घट्ट करतं. मटक्याचा आकडा रोज लागला असता तर लोक इतके गुंतले नसते. हे समजून घेताना आजीवर दोष ठेवायचा नसतो. मुलानं लोळणं थांबवलं की आजीचीही सुटका होते, म्हणजे तिचं वर्तनही त्याच नियमानं घडतं आहे.

परीक्षेचा आणखी एक भाग आपल्या संस्काराच्या माणसाला जड जातो. प्रश्न साधारण असे असतात: मुलाची आई विचारते, आज हा कार्यक्रम जरा बदलून कराल का? किंवा, माझ्या धाकट्यालाही ऑटिझम असेल का हो, तुम्हाला काय वाटतं? चार पर्यायांत एक मायेचा असतो, धीर देणारा. बरोबर उत्तर जवळजवळ नेहमी एकच: हे माझ्या पर्यवेक्षकांना विचारून सांगते. आरबीटी निदान करत नाही, आराखडा स्वतः बदलत नाही, पर्यवेक्षकाशिवाय काम करत नाही. 2022 पासून लागू झालेल्या आचारसंहितेत भेटवस्तूंची मर्यादाही दहा डॉलरची आहे. कृतज्ञ कुटुंबानं पुढे केलेल्या दिवाळीच्या फराळाच्या मोठ्या डब्याला "नको" म्हणायचं, तेही त्यांचं मन न दुखवता, हे मराठी मुलीला शिकावं लागतं. नियमामागचं कारण मला पटतं. एकदा देणंघेणं सुरू झालं की त्या घरातल्या उणिवा वहीत स्पष्ट लिहिताना हात कचरतो.

या सगळ्या व्यवस्थेबद्दल माझ्या मनात एक अस्वस्थताही आहे आणि ती लिहिल्याशिवाय हा लेख पुरा होणार नाही. बी. एफ. स्किनर यांनी प्रयोगशाळेत मांडलेल्या नियमांवर ही पद्धत उभी आहे. स्वमग्न मुलांसाठी ती गाजली ती कॅलिफोर्निया विद्यापीठातल्या ईवार लोवास यांच्या कामामुळे. 1987 साली त्यांनी लिहिलं की आठवड्याला सुमारे 40 तास उपचार मिळालेल्या 19 मुलांपैकी 9 मुलं नेहमीच्या शाळेत, नेहमीच्या बुद्ध्यांकासह पोचली. या निष्कर्षानं असंख्य पालकांना आशा दिली. पण या पद्धतीच्या सुरुवातीच्या काळात मुलांवर ओरडणं, चापट मारणं, विजेचे झटके देणं हेही वापरलं गेलं. आज मोठी झालेली स्वमग्न माणसं सांगतात की हात फडफडवणं, झुलणं या त्यांना शांत करणाऱ्या गोष्टी दाबून टाकण्यात त्यांचं बालपण गेलं, इतरांसारखं दिसण्यासाठी. त्यांचं म्हणणं आता या क्षेत्राला ऐकावं लागतं आहे. मूल "नको" म्हणतं आहे का, शब्दांनी नाही तर अंग काढून घेऊन, हे पाहणं आणि त्याचा मान राखणं यावर नव्या प्रशिक्षणात भर दिला जातो. मला तो अजून पुरेसा वाटत नाही.

आणि 40 तास? तिथल्या बहुतेक राज्यांत केशभूषेचा परवाना मिळवायला हजार किंवा त्याहून जास्त तासांचं प्रशिक्षण लागतं. बोलू न शकणाऱ्या चार वर्षांच्या मुलाबरोबर एकट्यानं बसायला 40 तास खरोखर थोडे आहेत. त्यावर इलाज म्हणून मंडळानं पर्यवेक्षण ठेवलं आहे. महिन्यात जितके तास काम, त्याच्या किमान 5 टक्के तास पर्यवेक्षणाखाली. 80 तास काम केलं तर चार तास. महिन्यातून किमान दोनदा समक्ष किंवा थेट व्हिडिओवर भेट, आणि त्यातल्या एकदा तरी पर्यवेक्षकानं तुम्हाला मुलाबरोबर काम करताना पाहायचं. 2026 पासून प्रमाणपत्राचं नूतनीकरण दर दोन वर्षांनी होतं आणि त्यासाठी 12 तासांचं पुढचं शिक्षण लागतं. माझ्या मते हे 5 टक्केच खरं प्रशिक्षण आहे. ज्या केंद्रात ते नुसतं कागदावर उरकतात तिथे परीक्षेतले चांगले गुण मुलाच्या काही कामाचे नाहीत. भाचीच्या पहिल्या नोकरीत पर्यवेक्षिका दोन महिने फक्त सही करायला येत होत्या. तिनं ती नोकरी सोडली.

पुण्या-मुंबईहून, नाशिकहून मला आता फोन येतात, "हे इथे बसून करता येईल का?" आरबीटी नाही. 2023 पासून हे मंडळ भारतात राहणाऱ्यांचे नवे अर्ज घेत नाही. त्याआधी प्रमाणपत्र मिळवलेली माणसं आपल्याकडे आहेत, आणि इतर काही आंतरराष्ट्रीय संस्था याच धर्तीची प्रमाणपत्रं देतात. पण आपल्याकडे पुनर्वसन क्षेत्रातल्या व्यावसायिकांची नोंदणी भारतीय पुनर्वास परिषदेकडे होते, 1992 च्या कायद्यानुसार, आणि ती चौकट वेगळी आहे. 2016 च्या दिव्यांग हक्क कायद्यात स्वमग्नता स्पष्टपणे आली आहे, त्यामुळे इथल्या मुलांचे हक्क त्या कायद्यातून येतात. पालकांना माझं एवढंच सांगणं असतं की थेरपिस्टच्या नावापुढची अक्षरं वाचल्यावर आणखी तीन गोष्टी विचारा. आराखडा कुणी आखला? यांचं काम कोण आणि कितीदा येऊन पाहतं? आणि रोजची नोंदवही मला बघायला मिळेल का? तिसऱ्या प्रश्नाला जे केंद्र चाचरतं, तिथून मी तरी मूल परत घेऊन येईन.

भाची परीक्षा पहिल्या खेपेला पास झाली. आता ती आठवड्यातले चार दिवस एका घरी जाते. रविवारी फोनवर मी विचारते, काय म्हणतोय तुझा मुलगा? परवा तिनं सांगितलं, पाणी हवं असलं की तो तिचा हात धरून नळाकडे ओढायचा. गेल्या आठवड्यात हात ओढला अकरा वेळा आणि पाण्याचं चित्र उचलून दिलं चौदा वेळा, त्यातल्या नऊ वेळा कुणी सुचवल्याशिवाय. शेवटच्या वेळी त्यानं चित्र दिलं आणि तिच्या चेहऱ्याकडे पाहिलं. "किती वेळ गं?" मी विचारलं. "दोन सेकंद. लिहिलंय मी," ती म्हणाली.

त्याचं नाव मला माहीत नाही. एकदा विचारलं होतं. "मावशी, ते नाही सांगता येत," म्हणाली, आणि पाण्याच्या चित्राबद्दल पुन्हा सांगायला लागली.